फाइल नेमकी कोणाच्या टेबलावर आहे?

मॅडम, नमस्कार.

माझा पुठ्ठ्याचे खोके बनवण्याचा लहानसा उद्योग आहे. दोन वर्षांपूर्वी एका बँकेच्या लिलावात औद्योगिक वसाहतीतला एक गाळा घेतला. पंचवीस टक्के लगेच आणि उरलेली रक्कम पंधरा दिवसांत भरली. विक्री प्रमाणपत्र मिळालं, मुद्रांक भरून त्याची नोंदणीही झाली. ताबा मात्र आजतागायत नाही. लिलावाच्या वेळी बँकेकडे फक्त ‘प्रतीकात्मक ताबा’ होता. जाहिरातीत तसं लिहिलं होतं, पण त्याचा अर्थ, म्हणजे कागदोपत्री ताबा बँकेचा आणि प्रत्यक्षात गाळा कर्जदाराच्याच हातात, तेव्हा आम्हाला कळला नाही. बँकेने जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज केला, त्यावर आदेश व्हायला अकरा महिने गेले. तिथून प्रकरण तहसीलदारांकडे आलं. ताब्याची तारीख तीनदा ठरली. पहिल्यांदा पोलीस बंदोबस्त नव्हता, दुसऱ्यांदा निवडणूक लागली आणि तिसऱ्यांदा कर्जदाराने डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात, केलेला अर्ज दाखवला. तहसीलदारांनी ‘प्रकरण न्यायप्रविष्ट’ असा शेरा मारून फाइल ठेवून दिली. डीआरटीने स्थगिती दिलेली नाही, नुसत्या तारखा पडतात. तिथलं पद मध्ये काही महिने रिकामं होतं, आता दुसरीकडचे साहेब आठवड्यातून दोन दिवस येतात. बँकेतले आमचे ओळखीचे साहेब बदलून गेले, नवे म्हणतात, ‘आमच्याकडून विक्री पूर्ण झाली.’ इकडे गाळ्याच्या कर्जाचा हप्ता आणि भाड्याच्या जागेचं भाडं, दोन्ही चालू.

आमचे वकील म्हणतात, हायकोर्टात रिट टाकू, एका तारखेत ताबा मिळेल. माझे दीर बँकेतून निवृत्त झालेत, ते म्हणतात, सुप्रीम कोर्टानेच हायकोर्टांना अशा प्रकरणांत हात घालू नका म्हणून बजावलंय, पैसे वाया जातील. कोणाचं ऐकू?

आणखी एक. गेल्या आठवड्यात कर्जदाराच्या वडिलांचा फोन आला. ‘चार महिने द्या, आम्ही आपणहून सोडतो,’ म्हणाले. मी काहीच बोलले नाही. द्यावेत का?

– एक वाचक


ताई,

तुमचे वकील आणि तुमचे दीर, दोघंही निम्मे बरोबर आहेत. अडचण अशी की दोघांनी आपापला निम्मा भाग पूर्ण म्हणून तुम्हाला सांगितला.

आधी दिरांचं. ते सांगतात ते खरं आहे. २०१० साली युनायटेड बँक ऑफ इंडियाच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना स्पष्ट शब्दांत सुनावलं होतं की सरफेसी कायद्यात, म्हणजे थकीत कर्जासाठी तारण मालमत्ता ताब्यात घेऊन विकण्याचा अधिकार बँकांना देणाऱ्या कायद्यात, तक्रारीची पूर्ण शिडी दिलेली आहे. कलम १७ खाली डीआरटी आणि त्यावर कलम १८ खाली अपिली न्यायाधिकरण. ही शिडी सोडून कोणी थेट रिट घेऊन आलं तर सहसा दाद देऊ नका. त्यानंतरही हीच गोष्ट सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा, कधी कधी चांगल्याच चढ्या आवाजात सांगितली आहे. पण त्या प्रकरणांत हायकोर्टात धावणारं कोण होतं, ते बघा. बहुतेक ठिकाणी कर्जदार किंवा जामीनदार, आणि त्यांची मागणी ‘बँकेला थांबवा’ ही. तुम्हाला कोणाला थांबवायचं नाही. आदेश झालेला आहे, तो अमलात यावा एवढंच तुमचं म्हणणं. सरकारी अधिकारी कायद्याने नेमून दिलेलं काम करत नसेल तर ‘कर’ असं त्याला सांगण्याचा अधिकार घटनेच्या कलम २२६ ने उच्च न्यायालयाला दिला आहे, आणि त्या अधिकाराला २०१० च्या निकालाने हात लावलेला नाही.

आता वकिलांचं. रिट चालेल, हे त्यांचं बरोबर. ‘एका तारखेत ताबा’ हे मात्र त्यांनी तुमचा धीर सुटू नये म्हणून म्हटलं असावं. उच्च न्यायालय किल्ली देत नाही. ते देतं तारीख. अमुक आठवड्यांत हे काम करा, झालं की कळवा. कर्जवसुलीच्या दिरंगाईवर न्यायालयाची देखरेख म्हणतात ती व्यवहारात एवढीच असते. एवढीही थोडी नाही, फक्त ती नेमकी मागावी लागते.

हे मी स्वतः ठेच लागून शिकले. वकिलीच्या सुरुवातीच्या वर्षांत एका बँकेसाठी असंच रिट केलं होतं. याचिकेत अकरा मागण्या. आदेशाची अंमलबजावणी, नुकसानभरपाई, अधिकाऱ्यांची चौकशी, डीआरटीतल्या प्रकरणाचा निकाल, सगळ्या तहसीलदारांना मार्गदर्शक सूचना, जे सुचलं ते. न्यायमूर्तींनी शेवटची दोन पानं उलटली, चष्मा काढला आणि विचारलं, ‘तुम्हाला नेमकं काय हवंय?’ मी म्हटलं, ताबा. ते म्हणाले, मग बाकीचे दहा परिच्छेद कोणासाठी? सरकारी वकिलांना उत्तर द्यायला मुदत मिळाली आणि मुदतीमागून मुदत जात प्रकरण सात महिने लांबलं, कारण अकरापैकी दहा मागण्यांना खरोखरच उत्तर द्यावं लागत होतं. शेवटी मी दहा मागण्या सोडून दिल्या आणि त्याच दिवशी आदेश झाला.

म्हणून रिटच्या आधी एका प्रश्नाचं उत्तर शोधा. फाइल नेमकी कोणाच्या टेबलावर आहे? तुमच्या पत्रात मला तीन टेबलं दिसतात, तहसील, डीआरटी आणि बँक. तिन्ही ठिकाणची दिरंगाई वेगळी आणि तिच्यावरचा उपायही वेगळा. एकाच याचिकेत तिन्ही कोंबलीत तर माझ्यासारखं होईल.

तहसीलदारांचं टेबल सगळ्यात सोपं आहे, म्हणून तिथून सुरू करू.

सरफेसीच्या कलम १४ खाली बँकेने अर्ज केला की जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी, म्हणजे आपल्याकडे जिल्हाधिकाऱ्यांनी, तीस दिवसांत आदेश द्यायचा आहे. आवाक्याबाहेरच्या कारणाने जमलं नाही तर ते कारण लिहून ठेवायचं, आणि तरीही एकूण साठ दिवसांच्या आत. २०१६ च्या दुरुस्तीपासून कायद्यात असं लिहिलेलं आहे. तुमच्याकडे अकरा महिने लागले. मग तो आदेश बाद झाला का? नाही. अगदी हाच प्रश्न केरळमधून सर्वोच्च न्यायालयात गेला होता. तिथला कर्जदार म्हणत होता की साठ दिवस उलटले, आता जिल्हाधिकाऱ्यांना अधिकारच उरला नाही. २०२० साली न्यायालयाने हे म्हणणं फेटाळलं. मुदत अधिकाऱ्याला हलवण्यासाठी घातली आहे. ती चुकली म्हणून अधिकार संपला असं धरलं तर अधिकाऱ्याच्या चुकीची शिक्षा बँकेला होईल, असं त्यामागचं सूत्र. कर्जदाराचे वकील अकरा महिन्यांचा मुद्दा कधीतरी काढणारच, तेव्हा हा निकाल तुमच्या वकिलांच्या हाताशी असू द्या. गंमत म्हणजे हाच निकाल काही कार्यालयांत ‘मुदत बंधनकारक नाही, सावकाश चालेल’ अशा अर्थाने वाचला जातो. तसं त्यात काहीही नाही.

दुसरी गोष्ट त्या शेऱ्याची. ‘प्रकरण न्यायप्रविष्ट.’ सरकारी कार्यालयातला हा फार लाडका शब्द आहे, कारण तो लिहिला की लिहिणाऱ्याची जबाबदारी संपते. पण प्रकरण न्यायालयात असणं आणि न्यायालयाने स्थगिती देणं यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. कर्जदाराने डीआरटीत अर्ज केला एवढ्याने जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश थांबत नाही, त्यासाठी डीआरटीचा लेखी स्थगिती आदेश लागतो. शिवाय कलम १४ खाली जिल्हाधिकाऱ्यांनी वाद ऐकून न्यायनिवाडा करायचाच नसतो. बँकेचं प्रतिज्ञापत्र कायद्यातल्या मुद्द्यांप्रमाणे आहे ना, एवढं पाहून ताबा मिळवून द्यायचा असतो. महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली हे पुन्हा स्पष्ट केलं. जे जिल्हाधिकाऱ्यांनी ठरवायचं नाही, ते त्यांच्या हाताखालच्या तहसीलदारांनी शेरा मारून ठरवणं तर दूरच.

पण रागावून चालणार नाही. तहसीलदारांच्या डोक्यावर दहा खाती असतात, आणि एखाद्याला घराबाहेर किंवा कारखान्याबाहेर काढण्याचं काम कोणालाच हौसेने करायचं नसतं. त्यांना स्वतःच्या बचावासाठी कागद हवा असतो. तो तुम्ही द्या. डीआरटीतल्या प्रकरणाच्या रोजनाम्याची, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं त्या नोंदींची, प्रमाणित नक्कल काढा, पहिल्या तारखेपासून आजपर्यंतची. त्यात कुठेही स्थगिती नाही हे दिसेल. ती नक्कल जोडून तहसीलदारांना एक पानाचं निवेदन द्या. अमुक तारखेचा जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश, डीआरटीची स्थगिती नाही, रोजनामा सोबत जोडला आहे, ताब्याची तारीख ठरवून कळवावी. खाली सही. बास. तुमच्यावर कसा अन्याय झाला ते त्यात लिहू नका. प्रत जिल्हाधिकाऱ्यांना, प्रत पोलीस ठाण्याला, आणि तिन्ही ठिकाणची आवक क्रमांकासह पोच घ्या. हायकोर्टात पहिला प्रश्न हाच असतो, ‘तुम्ही मागणी केली होती का, आणि ती नाकारली का?’ त्या प्रश्नाचं उत्तर म्हणजे हा आवक शिक्का.

त्याच दिवशी माहिती अधिकारात अर्ज करा. फाइलवरच्या टिपण्या आणि सगळा पत्रव्यवहार मागा. दहा रुपये आणि तीस दिवस. यात काय हाती लागतं ते मी एकदा पाहिलं आहे. अशीच एक फाइल होती. वर जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश, त्याखाली बँकेचं पत्र, त्याखाली पोलीस ठाण्याला बंदोबस्तासाठी लिहिलेल्या पत्राची स्थळप्रत. सही आहे, जावक क्रमांक आहे. पोलीस ठाण्याचा आवक शिक्का मात्र कुठे नाही. म्हणजे पत्र तयार झालं, नोंदवहीत चढलं आणि एका इमारतीतून रस्त्यापलीकडच्या दुसऱ्या इमारतीत गेलंच नाही. चार महिने आम्ही सगळे पोलिसांना बोल लावत होतो आणि ठाणे अंमलदाराला या गाळ्याचं नावही माहीत नव्हतं. दुसऱ्या एका फाइलमध्ये पत्र पोचलं होतं, पण बंदोबस्ताचं शुल्क बँकेने भरलं नव्हतं. मागणीपत्र बँकेच्या बदलून गेलेल्या अधिकाऱ्याच्या नावावर पडून होतं. तुमचेही साहेब बदलून गेलेत, तेव्हा हे आधी तपासा. कित्येकदा रिटची गरजच पडत नाही.

पडलीच, तर याचिकेत दोन मागण्या. तहसीलदारांनी जिल्हाधिकाऱ्यांच्या अमुक तारखेच्या आदेशाची ठरावीक आठवड्यांत अंमलबजावणी करावी, आणि पोलिसांनी त्या दिवशी बंदोबस्त द्यावा. याचिकाकर्ती बँक असेल तर उत्तम, कारण कलम १४ चा अर्ज तिचा आहे. बँक तयार नसेल तर तुम्ही करा आणि बँकेला प्रतिवादी करा. कर्जदारालाही प्रतिवादी करा. हे तुमच्या वकिलांना आवडणार नाही. ‘त्याला कशाला उठवायचं?’ असं ते म्हणतील. पण त्याच्या अपरोक्ष घेतलेला आदेश त्याच्याच अर्जावर आठवड्यात परत फिरतो. तुम्ही जिल्हा लिहिलेला नाही. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग यांपैकी असेल तर ऑगस्ट २०२५ पासून मुंबईला जायची गरज नाही, कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झालं आहे.

आदेश मिळाला की काम संपलं असं समजू नका. प्रमाणित प्रत तहसीलदार, पोलीस आणि बँक, तिघांना पोच घेऊन द्या. मुदत कधीपासून मोजायची यावरच पुढे वाद होतो. मुदत उलटूनही काही झालं नाही तर अवमान याचिका करता येते, पण ती अवमान घडल्यापासून वर्षाच्या आत. लोक आशेवर आशेवर ते वर्षही घालवून बसतात.

आता डीआरटी. इथे मला तुमच्या वकिलांपेक्षा जरा सावध बोलावं लागेल.

कलम १७ खालचा अर्ज साठ दिवसांत निकाली काढायचा, कारणं लिहून मुदत वाढवली तरी एकूण चार महिन्यांच्या वर जायचं नाही, असं कायदाच म्हणतो. चार महिन्यांत निकाल झाला नाही तर प्रकरणातला कोणताही पक्षकार अपिली न्यायाधिकरणाकडे अर्ज करून ‘हे लवकर निकाली काढायला सांगा’ अशी मागणी करू शकतो. ही सोय कलम १७ मध्येच आहे, आणि ती वापरणारे वकील मी बोटांवर मोजण्याइतकेच पाहिलेत. महाराष्ट्रातल्या सगळ्या डीआरटी मुंबईच्या अपिली न्यायाधिकरणाखाली येतात, म्हणजे तुमचा अर्ज तिथे.

मेख ‘पक्षकार’ या शब्दात आहे. तुमच्या पत्रावरून वाटतं की कर्जदाराने फक्त बँकेला प्रतिवादी केलंय. म्हणजे तुमच्या गाळ्याचा वाद तुमच्याशिवाय चाललाय. बँकेला पैसे मिळालेत, तिच्या वकिलाला घाई नाही. तारीख मागितली की दोन्ही बाजू ‘हरकत नाही’ म्हणत असतील. आधी वकीलपत्र दाखल करून ‘मी लिलाव खरेदीदार आहे, मला सामील करून घ्या’ असा अर्ज द्या. विक्रीच रद्द करण्याची मागणी असेल तर खरेदीदाराला ऐकल्याशिवाय निकाल कसा देणार? एकदा तुम्ही आत आलात की प्रत्येक तारखेला ‘आमची हरकत आहे’ म्हणणारं कोणीतरी तिथे असेल. रोजनाम्यात त्याचा फरक पडतो.

मग हायकोर्टाचं काय? घटनेच्या कलम २२७ खाली उच्च न्यायालयाची आपल्या हद्दीतल्या सगळ्या न्यायालयांवर आणि न्यायाधिकरणांवर देखरेख असते, डीआरटीही त्यात आली. हा अधिकार संसदेलाही काढून घेता येणार नाही, हे १९९७ पासून ठरलेलं आहे. ‘तीन महिन्यांत निकाल द्या’ असे आदेश उच्च न्यायालयं वर्षानुवर्षं देत आली. पण फेब्रुवारी २०२४ मध्ये अलाहाबाद हायकोर्ट बार असोसिएशनच्या प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं की दुसऱ्या न्यायालयातल्या प्रकरणांना घटनात्मक न्यायालयांनी सर्रास मुदती घालून देऊ नयेत. कोणतं प्रकरण आधी घ्यायचं हे त्या त्या न्यायालयाला ठरवू द्यावं, अपवादात्मक परिस्थितीतच मुदत घालावी. मला हे पटतं. जो हायकोर्टात जाऊ शकतो त्याचं प्रकरण पुढे आणि जो जाऊ शकत नाही त्याचं मागे, असं होत होतं. तुम्हाला हे ऐकायला गोड वाटणार नाही, पण रांगेत तुमच्या पुढे उभे असलेलेही हप्ते भरतच असतात.

याचा अर्थ दार बंद झालं असा नाही. तुमच्या बाजूने दोन गोष्टी आहेत. एक म्हणजे चार महिन्यांची मुदत न्यायालयाच्या नव्हे, खुद्द कायद्याच्या शब्दांत आहे. दुसरी, ते रिकामं पद. २०२१ च्या अखेरीस देशभरात डीआरटींची पदं रिकामी पडली होती, तेव्हा न्यायाधिकरण चालू नसेल तोवर उच्च न्यायालयांनी अशी प्रकरणं ऐकावीत असं सर्वोच्च न्यायालयालाच सांगावं लागलं होतं. देशात डीआरटी ३९ आणि अपिली न्यायाधिकरणं पाच. एकाच अधिकाऱ्याकडे दोन ठिकाणांचा कार्यभार असला की तारखा का लांबतात हे वेगळं सांगायला नको. पण आज तुमच्याकडे आठवड्यातून दोन दिवस का होईना कामकाज चालतंय. म्हणून क्रम असा ठेवा: आधी डीआरटीत सामील व्हा, तिथेच लवकर सुनावणीचा अर्ज द्या, मग अपिली न्यायाधिकरण, आणि तिथेही काही हललं नाही तरच कलम २२७. ही पायरी टाळून गेलात तर हायकोर्टात पहिल्याच मिनिटाला ‘अपिली न्यायाधिकरणात का नाही गेलात?’ हा प्रश्न येईल.

आणि इथे तुमच्या वकिलांनी न सांगितलेला एक धोका. तुम्ही तहसीलदारांविरुद्ध रिट केलंत, कर्जदार हजर झाला आणि त्याच्या अर्जात दम आहे असं न्यायालयाला वाटलं, तर आदेश असाही होऊ शकतो: डीआरटीने दोन महिन्यांत निर्णय द्यावा, तोवर ताबा जैसे थे. म्हणजे स्थगिती नव्हती, ती तुम्हीच स्वतःच्या खर्चाने आणलीत. म्हणून रिटच्या आधी कर्जदाराचा डीआरटीतला अर्ज नीट वाचून घ्या. त्याने काय म्हटलंय? साठ दिवसांची मागणी नोटीस मिळालीच नाही, त्याने दिलेल्या हरकतींना बँकेने पंधरा दिवसांत उत्तर दिलं नाही, विक्रीची तीस दिवसांची नोटीस नव्हती, मूल्यांकन फार कमी धरलं, असं काही असेल तर त्यातल्या प्रत्येक मुद्द्याचे कागद बँकेकडून मागून घ्या. कागद पक्के असतील तर बेधडक रिट करा. पोस्टाच्या पोचपावतीऐवजी बँकेकडून नुसतं ‘पाठवली होती’ असं उत्तर आलं, तर आधी डीआरटीतच लढा. ‘आता सगळे पैसे भरतो, गाळा परत द्या’ एवढंच त्याचं म्हणणं असेल तर काळजी नको. २०१६ च्या दुरुस्तीनंतर तो हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच असतो, आणि २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केलं आहे.

बँकेच्या नव्या साहेबांबद्दल थोडक्यात, कारण त्यांचं उत्तर सरळ चुकीचं आहे. पूर्ण पैसे भरल्यावर मालमत्ता खरेदीदाराच्या हवाली करण्याची जबाबदारी सरफेसीच्या नियम ९ ने बँकेच्या प्राधिकृत अधिकाऱ्यावर टाकलेली आहे. ‘विकलं, आता आम्ही कोण?’ हा मुद्दाही तपासून झालेला आहे. गोव्यातल्या एका पंचतारांकित हॉटेलच्या लिलावात, २०१८ साली, सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की प्रतीकात्मक ताब्यावर विक्री झाली तरी प्रत्यक्ष ताबा मिळवण्यासाठी कलम १४ चा अर्ज धनको, म्हणजे कर्ज देणारी संस्था, करू शकतो, विक्रीने त्याचा तो अधिकार संपत नाही. या दोन ओळी लिहून शाखेला नको, विभागीय कार्यालयातल्या वसुली विभागाला पत्र पाठवा, आणि ताबा देता येत नसेल तर रक्कम व्याजासह परत मागण्याचा आपला हक्क राखून ठेवत आहोत, असं शेवटी लिहा. पैसे परत करण्याचा विषय निघाला की बँकेच्या पत्रव्यवहाराचा वेग कसा बदलतो ते बघालच.

(इतर वाचकांसाठी, जे अजून लिलावात उतरलेले नाहीत: जाहिरातीत ‘प्रतीकात्मक ताबा’ दिसला तर भाव ठरवताना दोन वर्षांचं भाडं मनात वजा करा. आणि बँकेला विचारा, कलम १४ चा अर्ज मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे का नाही केला? २०१९ पासून महानगरांबाहेरही तो मार्ग मोकळा आहे, आणि तिथे ताबा घ्यायला वकिलाची कमिशनर म्हणून नेमणूक होऊ शकते. तहसीलदारांच्या सवडीवर सगळं अवलंबून राहत नाही.)

राहिला तो फोन.

चार महिने द्या, पण फोनवर देऊ नका. त्यांना नुसतं एवढं म्हणा की बाबा, तुम्ही म्हणता ते मला मान्य आहे, तेवढं तुमच्या वकिलांकडून लिहून येऊ द्या. ते खरोखर सोडणार असतील तर डीआरटीत तशी पुरसिस, म्हणजे लेखी निवेदन, दाखल होईल, किंवा तुमचं रिट लागलं की त्यातच हमीपत्र देता येईल: अमुक तारखेला गाळा मोकळा करून देऊ, तोवर तिसऱ्या कोणाला आत घेणार नाही, कलम १७ चा अर्ज मागे घेऊ. उच्च न्यायालयात असं हमीपत्र स्वीकारलं गेलं की ते मोडणं हा न्यायालयाचा अवमान ठरतो. मग तहसीलदार नको, बंदोबस्त नको, आणि तुमच्या दोन वर्षांपुढे चार महिने काही फार नाहीत. ते लिहून द्यायला तयार नसतील तर तो फोन चौथ्यांदा तारीख पुढे ढकलण्यासाठी होता असं समजा आणि निवेदन उद्याच देऊन या.

हमीपत्रात यंत्रांचा उल्लेख नक्की करा. गाळा बँकेकडे तारण होता, आतली यंत्रं होती की नाही ते तुमच्या विक्री प्रमाणपत्रात पाहा. नसतील तर ती त्यांची आहेत आणि ती हलवायला क्रेन लागेल. ताब्याच्या दिवशी यावरूनच अर्धा दिवस वाद होतो आणि पंचनामा अंधार पडेपर्यंत चालतो.